व्याजाचा वर्ण

मनूनं व्याजाचा दर ठरवून ठेवलाय. आठव्या अध्यायात. तारण असेल तर महिन्याला शेकडा सव्वा. तारण नसेल तर ब्राह्मणाकडून शेकडा दोन घ्यावे, क्षत्रियाकडून तीन, वैश्याकडून चार, शूद्राकडून पाच. तेच शंभर रुपये, तोच सावकार, तोच महिना. फरक घेणाऱ्याच्या जन्माचा. आपण तर त्या यादीच्याही बाहेर, गावकुसाच्या बाहेर होतो तसेच.

२५ डिसेंबर १९२७ ला महाडला बाबासाहेबांनी ते पुस्तक जाळलं. दरवर्षी त्या दिवशी आपण सभा घेतो, भाषणं ठोकतो, टाळ्या घेतो. पण व्याजाचं पान जळलेलं नाही दोस्तांनो. ते आज काचेच्या दाराआड, एसीच्या गारव्यात, संगणकाच्या पोटात बसलंय. तिथं त्याला वर्ण म्हणत नाहीत. रिस्क म्हणतात.

मी मूळचा चंद्रपूरकडचा, मुंबईच्या गोदीत हमाली करतो. मॅट्रिक झालो. अर्थशास्त्र शिकलेलो नाही. पण गुणाकार-भागाकार येतो आणि हे लिखाण तेवढ्यावरच उभं आहे. ज्यांना आकड्यांचा कंटाळा येतो त्यांनी पान उलटून कविता वाचावी, या अंकात भरपूर आहेत. पण मग गृहकर्जाच्या कागदावर सही करताना आमच्या नावानं ओरडू नये.

कारण आपली पोरं आता घरं घ्यायला लागलीत. चंद्रपूरला, बल्लारपूरला, घुग्घुसला, वडशाला, नागपूरच्या कडेकडेनं. घ्यावीत. घर पाहिजेच. ज्यांच्या आजानं पावसाळाभर कुडाच्या भिंतीला शेणमाती लावली त्यांना सिमेंटची भिंत म्हणजे काय हे कुणी शिकवायला नको. माझं भांडण घराशी नाही. भांडण त्या बाबाशी आहे जो गळ्यात टाय लटकवून सांगतो, "सर, फक्त नऊ हजार हप्ता आहे, भाड्यातच घर होतंय." हा 'फक्त' शब्द फार हरामखोर आहे. हप्ता सांगतात, मुदत हळूच सांगतात, आणि दोघांचा गुणाकार सांगतच नाहीत. तो आपण करू.

दहा लाखांचं कर्ज. व्याज वर्षाला ९ टक्के. मुदत २० वर्षं. हप्ता येतो ८,९९७ रुपये. महिने २४०. गुणाकार करा: २१ लाख ५९ हजार. दहा लाख घेतले, साडेएकवीस लाखांच्या वर दिले. हा स्वस्तातला दर आहे, कायम नोकरीवाल्याचा. आता आत शिरून बघा. पहिल्या हप्त्याच्या ८,९९७ मधले ७,५०० व्याजात जातात. मुद्दलाला पोचतात १,४९७. पहिल्या वर्षभरात तुम्ही १ लाख ८ हजार भरता आणि कर्ज कमी होतं पावणेएकोणीस हजारांनी. दहा वर्षं भरलंत, निम्मी मुदत संपली, १० लाख ८० हजार गेले. वाटतं की निम्मं फिटलं. नाही. ७ लाख १० हजार अजून छातीवर आहेत. निम्मं मुद्दल फिटायला १४ वर्षं लागतात. पोरगा पहिलीत असताना घेतलेलं कर्ज पोरगा दहावी-बारावी होऊन कामाला लागला तरी निम्म्यावर.

यात चोरी नाही, असं ते म्हणतात. खरं आहे. हिशेब चोख आहे. दर महिन्याला जेवढं मुद्दल शिल्लक तेवढ्यावर व्याज आधी कापायचं आणि उरेल ते मुद्दलाला. सुरुवातीला मुद्दल मोठं म्हणून व्याज मोठं, म्हणून मुद्दलाला उरतं चिमूटभर. गणित बरोबर आहे. पण ज्याला हे गणित कधी दाखवलंच नाही त्याच्याशी केलेला करार बरोबर कसा?

आता मुदतीची गंमत बघा. हप्ता जड होतोय म्हटलं की ते प्रेमानं सांगतात, "मुदत तीस वर्षं करू." हप्ता उतरतो ८,०४६ वर. महिन्याला ९५१ रुपये वाचले. पण एकूण भरणा झाला २८ लाख ९७ हजार. महिन्याचे ९५१ वाचवण्यासाठी ७ लाख ३७ हजार जादा मोजले. उलट दहा वर्षांत फेडलंत तर हप्ता १२,६६८ आणि एकूण १५ लाख २० हजार. घर तेच, विटा त्याच. म्हणजे ज्याच्या खिशात आज पैसा आहे त्याला ते घर १५ लाखांत पडतं आणि ज्याच्या खिशात नाही त्याला २९ लाखांत. गरिबी महाग असते हे आपण लहानपणी पावशेर-पावशेर तेल आणताना शिकलोच आहोत. इथं ते सव्याज शिकवतात.

पण ही सगळी नऊ टक्क्यांची गोष्ट झाली. नऊ टक्के कुणाला मिळतात? दोन माणसं घ्या. दोघंही घुग्घुसचे. दोघंही एकाच कोळशाची धूळ गिळतात, थुंकी दोघांचीही काळीच. एक खाणीत कायम. त्याच्याकडं पगारपत्रक आहे, भविष्य निर्वाह निधी आहे, बँकेत खातं जुनं आहे. दुसरा कंत्राटदाराकडं सायडिंगवर. त्याच्याकडं घामाशिवाय पुरावा नाही. पहिला सरकारी बँकेत गेला, त्याला ९ टक्के. दुसऱ्याला बँकेनं बाकड्यावर बसवलं, चार वेळा बोलावलं, पाचव्या वेळी नाही म्हटलं. मग तो गेला गृहकर्जाच्या खासगी कंपनीकडं. ती म्हणाली देते, पगारपत्रक नको, पण १५ टक्के.

दहा लाख, वीस वर्षं, १५ टक्के. हप्ता १३,१६८. एकूण भरणा ३१ लाख ६० हजार. पहिल्याचा भरणा होता २१ लाख ५९ हजार. वजाबाकी करा. दहा लाख एक हजार.

म्हणजे दहा लाखांचं एक घर विकत घ्यायला दुसऱ्या माणसानं आणखी एका अख्ख्या घराची किंमत मोजली. ते दुसरं घर कुठं उभं आहे? त्यात कोण राहतं? पगारपत्रक नसल्याचा हा दंड. आणि दोस्तांनो, आपल्या वस्तीत कायम किती आणि कंत्राटी किती हे मी तुम्हाला सांगायला नको. जात विचारून व्याज ठरवत नाहीत ते. ते विचारतात नोकरी कायम आहे का, बापाच्या नावावर काय आहे, जामीन कोण राहील, वस्ती कुठली. या चार प्रश्नांची उत्तरं आपल्या बाजूनं पिढ्यान्‌पिढ्या कुणी लिहून ठेवलीत? जमीन नाही म्हणून तारण नाही, तारण नाही म्हणून दर चढा, दर चढा म्हणून हप्ता चुकतो, हप्ता चुकला म्हणून सिबिल खाली, सिबिल खाली म्हणून पुढचा दर आणखी चढा. जातीचं नाव न घेता जात चालवायची ही नवी पद्धत आहे. आणि महिन्याला शेकडा सव्वा म्हणजे वर्षाला किती होतात हो? पंधरा. मनूचा तारणावरचा दर. साला दोन हजार वर्षांत एक पै हलली नाही.

माझा मामा असाच सायडिंगवाला. कंपनीचं नाव इथं घेत नाही, एकीचं घेतलं तर बाकीच्या सोवळ्या ठरतील. मामा, मामी आणि त्यांचा पोरगा अशा तिघांच्या कमाईतून हप्ता जातो. मामी शाळेत खिचडी शिजवते, पोरगा दुसऱ्याची ट्रॅव्हल्स चालवतो. सहा वर्षं एकही हप्ता चुकला नाही. गेल्या पावसाळ्यात मी गावी गेलो तर मामा म्हणाला, "पोरा, सहा वरस भरलो मी. निम्मं नसन पन तीन आणे तरी फिटलं असन ना?" आम्ही दोघं शाखेत गेलो. तिथल्या पोरीनं आकडा काढून दिला. भरलेले ९ लाख ४८ हजार. शिल्लक ९ लाख २२ हजार. मामानं तो कागद उलटा करून पाहिला, मागं आणखी काही लिहिलंय का म्हणून. मग म्हणाला, "काहून बाप्पा, मंग मी दिलेले गेले कोठी?" पोरगी म्हणाली, "काका, सिस्टिम दाखवते तेवढंच." तिचा तरी काय दोष, तीसुद्धा कंत्राटीच असणार.

तीन आणे नाही, सव्वा आणा फिटला होता.

मामाच्या कागदात आणखी एक मेख निघाली. कर्ज देताना विमा गळ्यात मारलेला, चाळीस हजारांचा, आणि तो हप्ता रोख न घेता कर्जातच मिळवलेला. कागदावर 'ऐच्छिक' असं छापलंय. चाळीस हजार १५ टक्क्यांनी वीस वर्षं फेडले की होतात १ लाख २६ हजार. मेल्यावर मिळायच्या पैशासाठी जिवंतपणी असं मारतात.

कुणी म्हणेल, हे तर सावकारीच झाली, सावकारीविरुद्ध कायदे आहेत की! आहेत. आणि इथंच मोठी गंमत आहे. दामदुपटीचा नियम आपल्याकडं जुना. मुद्दलाइतकं व्याज झालं की थांबायचं. खुद्द मनूनं तो सांगितलाय. जुन्या नियमात एका वेळी थकलेलं व्याज मुद्दलाच्या वर जाऊ नये एवढंच होतं, वेळच्या वेळी दिलेलं व्याज त्यात धरत नसत, हे मी लपवत नाही. पण थांबायची एक रेघ होती. १८७५ च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातल्या सुप्याला कुणब्यांनी सावकारांचे कर्जरोखे बाहेर काढून जाळले, दंगा पसरला, मग इंग्रजाला जाग आली आणि १८७९ ला दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कायदा झाला. रोखे जळले तेव्हा कायदा हलला, हे ध्यानात ठेवा. पुढं १९४६ चा मुंबई सावकारी कायदा, आणि आता महाराष्ट्राचा २०१४ चा सावकारी नियमन कायदा. त्यात सावकारानं मुद्दलापेक्षा जास्त व्याज वसूल करू नये असं कलम आहे. वाचून छाती भरून येते. पण तो कायदा कुणाला लागू? गावातल्या सोन्या-भांड्यावर पैसे देणाऱ्याला. बँकेला नाही. आणि १० मे २०२२ ला सर्वोच्च न्यायालयानं केरळ आणि गुजरातच्या सावकारी कायद्यांवरच्या खटल्यात सांगितलं की रिझर्व्ह बँकेकडं नोंदलेल्या फायनान्स कंपन्यांना राज्यांचे सावकारी कायदे लागू होत नाहीत. म्हणजे वडशाच्या बाजारातल्या सावकारानं दहा लाखांवर साडेदहा लाख व्याज घेतलं तर तो गुन्हेगार, आणि मामाच्या कंपनीनं साडेएकवीस लाख घेतलं तर ती 'किफायतशीर गृहवित्त' देणारी संस्था. तिला पुरस्कार मिळतात.

आणि हप्ता थकला तर? २००२ चा सरफेसी कायदा आहे. खातं बुडीत ठरलं की साठ दिवसांची नोटीस, मग दिवाणी दावा न लावता घराचा ताबा, मग लिलाव. आपल्याला रेशनकार्डावरचं नाव दुरुस्त करायला तहसीलच्या किती चकरा लागतात ते आठवा. यांना घर घ्यायला न्यायाधीशाचा निकाल लागत नाही.

आता दर कायम राहील या भ्रमातही राहू नका. बहुतेक गृहकर्जं बदलत्या दराची. मे २०२२ मध्ये रिझर्व्ह बँकेचा रेपो दर ४ टक्के होता, फेब्रुवारी २०२३ ला साडेसहा झाला. नऊ-दहा महिन्यांत अडीच टक्के. त्या उन्हाळ्यात ज्यानं पावणेसात टक्क्यांनी दहा लाख घेतले त्याचा हप्ता ठरला होता ७,६०४. दर सव्वानऊवर गेला तेव्हा महिन्याचं नुसतं व्याजच तेवढं व्हायला लागलं. हप्ता तोच ठेवला तर मुद्दल फिटणारच नाही. मग बँका काय करतात? मुदत वाढवतात. गुपचूप. माणसाला वाटतं हप्ता वाढला नाही, बरं झालं, आणि इकडं म्हातारपण गहाण पडलेलं असतं. इतकी बोंब झाली की १८ ऑगस्ट २०२३ ला रिझर्व्ह बँकेला परिपत्रक काढावं लागलं: दर बदलला तर कर्जदाराला कळवा, हप्ता वाढवायचा की मुदत हे त्याला विचारा, ठरावीक दराकडं जायची सोय द्या. परिपत्रक निघालं. तुमच्यापैकी किती जणांना कुणी विचारलं?

इथं आमचा एक पदवीधर मित्र मला अडवतो. तो म्हणतो, "तू वेडा आहेस. वीस वर्षांनी रुपया स्वस्त झालेला असतो. आजचे नऊ हजार तेव्हा तीन हजारांसारखे. शिवाय भाडं वाचतं, घराची किंमत वाढते." मुद्दा फेकण्यासारखा नाही. पण रुपया कुणाला स्वस्त होतो? ज्याचा पगार महागाईबरोबर चढतो त्याला. ज्याला महागाई भत्ता आहे त्याला. सायडिंगवाल्याची मजुरी महागाईच्या मागं लंगडत येते, कधी येतच नाही. त्याला वीस वर्षांनीही हप्त्याचा रुपया आजच्याइतकाच जड. १९२३ साली बाबासाहेबांनी रुपयाच्या प्रश्नावर ग्रंथ लिहिला. भाव चढतात तेव्हा मजुरी मागं राहते आणि व्यापाऱ्याला जो नफा दिसतो तो मजुराच्या तोट्यातून येतो, हे त्यांनी तेव्हाच मांडलं. आपण बाबासाहेबांची घटना डोक्यावर घेतो, पण त्यांचा रुपया कपाटात ठेवतो. आणि घराची किंमत वाढते म्हणाल तर ती वस्ती बघून वाढते. आपल्या वस्तीतलं घर कोण आणि किती भावानं घेतं हे मित्राला माहीत आहे, तो तिथूनच निघून गेलाय.

आता जरा वैनगंगा ओलांडून गडचिरोलीत चला. तिथं गोष्ट दुसरी. आदिवासीची जमीन बिगरआदिवासीकडं जिल्हाधिकाऱ्याच्या परवानगीशिवाय जात नाही, विकून नाही, गहाणातही नाही. जमीन महसूल कायद्याचं ३६ अ कलम, १९७४ पासून. वनहक्क कायदा २००६ चा, त्याचा पट्टा वारशानं पोराला मिळतो, पण विकता येत नाही, कुणाला देता येत नाही. धानोऱ्याकडच्या मेंढा-लेखा गावानं २००९ ला सामूहिक वनहक्क घेतला आणि २०१३ ला गावातली सगळी जमीन ग्रामदानात एक केली. बँकवाल्यांच्या भाषेत या जमिनी मेलेल्या. पेरू देशाचा एक अर्थतज्ज्ञ आहे, हर्नांडो द सोटो, त्यानं २००० साली पुस्तक लिहिलं की गरिबांकडं कितीतरी भांडवल आहे पण कागद नसल्यानं ते मृत पडून आहे, कागद द्या म्हणजे गरीब कर्ज काढतील आणि वर येतील. २४ एप्रिल २०२० ला आपल्याकडं गावठाणातल्या घरांवरून ड्रोन फिरवून प्रॉपर्टी कार्ड द्यायची स्वामित्व योजना सुरू झाली, आणि त्या कार्डावर बँकेचं कर्ज मिळेल हा तिचा जाहीर उद्देश आहे. कार्ड घ्या बाप्पा, जरूर घ्या. पिढ्यान्‌पिढ्या राहत्या घरावर नाव नव्हतं, लागू द्या. पण कार्ड हातात पडल्याबरोबर दारात जो मोटारसायकल उभी करतो, तो तुमचं नाव लागलं म्हणून पेढा घेऊन आलेला नसतो. जमीन जिवंत करायची म्हणजे ती जाऊ शकेल अशी करायची, हे द सोटोच्या चेल्यांनी आपल्याला सांगितलेलं नाही. ३६ अ सैल करा अशी हाकाटी अधूनमधून उठते. ती उठवणाऱ्यांकडं नीट बघा. त्यांच्यात भूमिहीन किती आणि जमीन शोधणारे किती?

पण गहाण ठेवता येत नाही म्हणून गडचिरोलीचा माणूस वाचला असंही नाही. त्याच्यासाठी बायकांचे गट आहेत. मायक्रोफायनान्स. जमीन नको, दागिना नको, तारण काहीच नको. तारण म्हणजे शेजारीण. एकीनं हप्ता चुकवला की बाकीच्यांनी भरायचा, नाहीतर तिच्या दारात जाऊन बसायचं. सावकाराला दारात माणूस पाठवावा लागायचा, इथं तुमचीच वहिनी पाठवतात. दर वीस-चोवीस टक्के सर्रास. १ एप्रिल २०२२ पासून रिझर्व्ह बँकेनं या कंपन्यांच्या दरावरची कमाल मर्यादा काढून टाकली. मनूच्या हिशेबानं महिना शेकडा दोन म्हणजे बिनतारणी ब्राह्मणाचा दर. चला, बढती झाली आपली! आणि हप्त्याचं वेळापत्रक कुणी केलं? ज्यानं धान कधी पाहिलं नाही त्यानं. धानाचा पैसा दिवाळीनंतर येतो, तेंदूचा उन्हाळ्यात, मोहफुलं चैत्राच्या आसपास. बाकी महिने हातावर पोट. हप्ता मात्र दर महिन्याला. मग जून-जुलैत एका गटाचा हप्ता भरायला दुसऱ्या गटाचं कर्ज. घरकुलाचंही असंच. सरकारनं २०१६ ला दुर्गम भागातल्या घरकुलाला १ लाख ३० हजार ठरवले. रेती, सळई, गवंडी यांना ते आकडे कोण सांगणार? छत पडायच्या आधी पैसा संपतो आणि छत गटाच्या कर्जातून पडतं.

हे फक्त आपल्याकडंच चालतं असं समजू नका. १९७२ ला ज्या काळ्या वाघांवरून आपल्या चळवळीनं नाव घेतलं, त्यांच्या अमेरिकेत काय झालं? कंट्रीवाइड नावाची गृहकर्ज देणारी बडी कंपनी. काळ्या आणि हिस्पॅनिक कर्जदारांना तशाच ऐपतीच्या गोऱ्यांपेक्षा महाग कर्ज दिल्याच्या आरोपावरून डिसेंबर २०११ मध्ये ३३ कोटी ५० लाख डॉलर भरून प्रकरण मिटवावं लागलं. दोन लाखांवर कर्जदार होते. तिथं निदान कुणाकडून किती दर घेतला याची वंशवार मोजदाद झाली, म्हणून पकडता आलं. आपल्याकडं अशी मोजदाद मागा: कुठल्या कंपनीनं कुठल्या वस्तीत, कुठल्या जातीच्या माणसाला, किती टक्क्यांनी कर्ज दिलं. मागून बघा, कसे अंगावर येतात.

आमचे पुढारी हे मागणार नाहीत. मागच्या जयंतीला एका मंडपाच्या कमानीवर बाबासाहेबांच्या फोटोखाली गृहकर्ज कंपनीचा फलक मी या डोळ्यांनी पाहिला. पावती फाडणारे आपलेच. कर्जमेळाव्याला हार घालून घेणारेही आपलेच. १६ ऑक्टोबर १९५६ ला ज्या चंद्रपुरात बाबासाहेबांनी धम्मदीक्षा दिली, त्या गावात दीक्षाभूमीला जाणाऱ्या रस्त्याची भिंत 'झटपट कर्ज'च्या जाहिरातींना द्यायची? दुसरीकडं काही क्रांतिकारक दोस्त म्हणतात, कर्ज बुडवा, हप्ता भरू नका. त्यांचं घर बापाच्या नावावर आहे. मामानं हप्ता बुडवला तर साठ दिवसांनी मामी रस्त्यावर येईल, क्रांती त्या रात्री कुठं झोपणार आहे?

गोदीत माल उतरतो तेव्हा टॅली होते. किती आला, किती उतरला, किती राहिला. प्रत्येक पाळीला. टॅलीशिवाय आम्ही बोजाला हात लावत नाही, कारण रात्री गुन्हा आमच्या माथ्यावर येतो. कर्जाचीही टॅली असते. तिला परतफेडीचं वेळापत्रक म्हणतात. प्रत्येक हप्त्यात व्याज किती, मुद्दल किती, शिल्लक किती. १ ऑक्टोबर २०२४ पासून नवीन कर्ज देताना 'की फॅक्ट स्टेटमेंट' देणं बंधनकारक आहे. सगळे खर्च धरून वर्षाला खरा दर किती पडतो तो त्यात असतो, आणि तो कागद तुम्हाला समजेल अशा भाषेत हवा. मराठीत मागा. वस्तीत एखाद्याला १२ टक्के 'फ्लॅट' सांगितला असेल तर त्याला थांबवा. एक लाखाला दोन वर्षांचे २४ हजार व्याज धरून सारखे हप्ते पाडले की खरा दर साडेएकवीसच्या वर जातो, कारण फिटलेल्या मुद्दलावरही तुम्ही व्याज देत राहता.

आणि ज्यांचं कर्ज चालू आहे त्यांनी हे करा. व्यक्तीच्या नावावरच्या बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतीआधी पैसे भरायला दंड घेता येत नाही. बँकांना २०१२ पासून ही बंदी आहे. मामाच्या दरानं सुरुवातीपासून महिन्याला फक्त हजार रुपये जादा भरले असते, तर २४० ऐवजी १७३ महिन्यांत कर्ज संपलं असतं आणि ७ लाख २० हजार वाचले असते. नऊ टक्केवाल्याचेही याच हजारात तीन लाख वाचतात. सुरुवातीच्या वर्षांत भरलेला जादा रुपया सगळा मुद्दलावर पडतो, म्हणून कंपनी हे आपण होऊन सांगत नाही. दिवाळीचा बोनस, तेंदूचा पैसा, लग्नातला आहेर वाचला तर तो, जेवढा जमेल तेवढा आधी मुद्दलात टाका आणि पावतीवर 'मुद्दलात जमा' असं लिहून घ्या, नाहीतर पुढच्या हप्त्यात धरतात. दर कमी झाला की तुमचाही कमी झाला का ते विचारा. नाही झाला तर दुसऱ्या बँकेत कर्ज हलवायचा अर्ज टाका, मग बघा कसे फोन येतात.

हे एकेकट्यानं करून मात्र पंधराचे नऊ होत नाहीत. त्यासाठी मागणी लागते, आणि ती चळवळीची मागणी व्हायला पाहिजे: राहत्या घराच्या कर्जाला दामदुपटीची रेघ मारा, बँक असो की कंपनी, पाच वर्षं हप्ता न चुकवणाऱ्या कंत्राटी माणसाला कायम माणसाचा दर द्या, गटाच्या कर्जाचा हप्ता धान आणि तेंदूच्या हंगामाला बांधा, आणि दरांची जातवार, वस्तीवार मोजदाद जाहीर करा. नामांतरासाठी लाठ्या खाल्ल्या, त्या चळवळीला हे जड नाही.

तोवर दर रविवारी विहारात वंदना झाली की अर्धा तास सतरंजीवरच बसा. ज्याच्या घरी कर्ज आहे त्यानं कागद आणावा, ज्याला बारावीचं गणित येतं त्यानं पेन आणावं. मामाचा अर्ज मी लिहून दिलाय, मराठीत, दोन प्रती. एकीवर शिक्का आणि पोच घेतली. त्यात तीनच गोष्टी मागितल्यात: पूर्ण वेळापत्रक, विम्याच्या संमतीवरची सही, आणि आजवर दर किती वेळा बदलला त्याची तारीखवार यादी. अर्जाचा नमुना याच अंकाच्या मागच्या पानावर छापलाय. नाव आणि खाते क्रमांक बदलून वापरा.